पाटावरचा राजपुत्र

ईरा, निनाद, तुमचे फोटो मिळाले. ईराच्या गालावरचा तीळ गायब आहे आणि नाक आमच्या घराण्यातलं नाही. फोनच करतो म्हणे हे सगळं. वर निनाद लिहितो की ती रात्रंदिवस पंखवाल्या राजपुत्रांच्या प्रेमकथा वाचते. म्हणून तुम्हाला आमच्या गल्लीतल्या फोटोवाल्याबद्दल सांगायला बसले आहे. हे दोन्ही धंदे तो एकटा करत असे, तेही फोनशिवाय.

"डोळ्यांचं काय, बाई, दाखवाल ते बघतात!" हे त्याचं वाक्य. म्हणताना तो कॅमेऱ्याच्या काळ्या कापडातून डोकं बाहेर काढी आणि विस्कटलेले केस दोन्ही हातांनी मागे सारी. आपण फार मोठं बोललो, अशी त्याची समजूत असे.

सत्तरचं दशक संपत आलं होतं. रविवार कारंजामागे आमचं घर, समोर त्याचा स्टुडिओ. आत एक रंगवलेला पडदा होता: चंद्र, तळं, तळ्यात राजवाडा. हंस काढला होता, पण तो बदकासारखा दिसे. नाशिकच्या निम्म्या उपवर मुली त्या बदकासमोर उभ्या राहिल्या आहेत. बुटक्या मुलीला तो पाटावर उभं करी आणि साडीच्या निऱ्या पाटावरून खाली सोडी. शेजारी मुद्दाम करून घेतलेली छोटी खुर्ची ठेवी, म्हणजे मुलगी आणखी उंच वाटे. मुलगा असला तर पायांपुढे फुलांची कुंडी. देवीचे वण निगेटिव्हवर पेन्सिल फिरवून घालवी.

मी शाळेत इंग्रजी शिकवत असे, म्हणून एकदा तो एक इंग्रजी मासिक घेऊन आला. त्यात दोन रेघा होत्या. एकीच्या टोकांचे बाण आत वळलेले, दुसरीचे बाहेर.

"बाई, यातली लांब कुठली?"

"दोन्ही सारख्या आहेत. पट्टी लावून बघा."

"पट्टी लावली की मजा गेली!" असं म्हणून तो निघून गेला. पट्टी त्याने आयुष्यात कशालाच लावली नाही.

दुसरा धंदा कादंबऱ्यांचा. शहरातल्या एका मासिकात त्याची गोष्ट क्रमशः येई. चंद्रनगरीचा राजपुत्र पांढऱ्या उडत्या घोड्यावरून येतो, शाप मिळून निघून जातो आणि नायिका गच्चीत उभी राहून वाट पाहते. मी दोन भाग वाचले. त्या नायिकेला कधी भूक लागली नाही, सर्दी झाली नाही, भांडी घासावी लागली नाहीत. गच्चीत उभं राहण्यापलीकडे तिला काही येत नसे. गल्लीतल्या मुली मात्र ते मासिक उशाखाली ठेवून झोपत.

त्यातलीच एक आमच्या शेजारची कुसुम. हुशार, हसरी, पण उंचीला माझ्या खांद्याच्याही खाली. दोन स्थळं त्यावरूनच परत गेली होती. तिसऱ्या वेळी आईने तिला फोटोवाल्याकडे नेलं. फोटो इतका सुरेख आला की सिन्नरचं स्थळ लगेच बघायला आलं. मुलगा तिथल्या कारखान्यात फिटर. त्याचाही फोटो आला होता. चांगला उंचापुरा, पलटणीतला वाटत होता.

मुलगा दारातून आत आला आणि कुसुमच्या वडिलांचा चेहरा उतरला. कुसुम पोहे घेऊन आली आणि मुलाची आई उठून उभीच राहिली.

"फोटूत तर लय उंच दिसत होती पोरगी! ही तर नाय!"

"आणि तुमचे चिरंजीव?" कुसुमचे वडील म्हणाले. "ते काय एसटीत आखडले?"

दोन्ही फोटो टेबलावर आले. दोन्हीत तोच चंद्र, तेच बदक. मोठी माणसं एकमेकांना फसवे म्हणू लागली. त्या गदारोळात मुलाने कुसुमला हळूच विचारलं, "तुम्ही पण पाटावर?"

"दोन पाट," कुसुम म्हणाली. आणि दोघं हसत सुटली. मी तिथेच बसले होते. दोघांची नजर अगदी समोरासमोर येत होती. पट्टी लावायलाही नको होती.

पण मुलाच्या आईला उंच सून हवी होती, पुढची पिढी तरी उंच व्हावी म्हणून. पोहे तसेच ठेवून ती मंडळी निघून गेली.

हे सगळं ऐकून फोटोवाल्याला गहिवरून आलं. त्याने दोघांना कादंबरीत घातलं! राजपुत्राला आईने कोंडलंय, पण तो परतणार, अशी गोष्ट सुरू झाली. कुसुमने ती वाचली. घोटीच्या एका मास्तरांचं स्थळ सांगून आलं, त्यांनी उंचीचा शब्दही काढला नाही. कुसुम नको म्हणाली.

"ते येतील, काकू. फोटोवाले काकांना ठाऊक असणार, म्हणून तर लिहितात."

मी तडक स्टुडिओत गेले.

"तिला सांगा, तो येणार नाही."

"बाई, गोष्ट अजून संपलेली नाही."

"ती मुलगी आहे, गोष्ट नाही!"

तो केस मागे सारू लागला. मागे दोरीवर ओले फोटो वाळत होते. त्यात एका लग्नाचे होते. मुंडावळ्या बांधलेला तो सिन्नरचाच मुलगा, शेजारी नवरी आणि पायांपुढे कुंडी. हा फोटोवाला पाट आणि कुंडी एसटीच्या टपावर टाकून सिन्नरला गेला होता, त्या मुलाचं लग्न टिपून आला होता आणि घरी बसून त्याच्या परतण्याचं प्रकरण लिहीत होता.

"ऑर्डर होती," तो म्हणाला. "आणि पोरीचं मन कसं मोडणार?"

भित्र्या माणसाला दयाळू दिसायला किती सोपं असतं, ते मला त्या दिवशी कळलं. मी तो फोटो दोरीवरून काढला आणि कुसुमच्या हातात दिला.

तिने बराच वेळ पाहिला. मग कुंडीवर बोट ठेवलं.

"माझ्याशेजारी उभे राहिले असते, तर पाट लागला नसता."

ती रडली नाही. पदर खोचून रस्ता ओलांडून गेली आणि फोटोवाल्याला म्हणाली, "काका, माझा फोटो काढा. जमिनीवर. आणि तो पडदा गुंडाळा."

त्याने काढला. कापडाखालून बाहेर आला तेव्हा डोळे पुसत होता, पण एकदाचा गप्प होता. पेन्सिल त्याने हातात घेतली नाही.

घोटीचं स्थळ तोवर गेलं होतं. कुसुमचं लग्न पुढे देवळाली कॅम्पातल्या एका दुकानदाराशी झालं, त्याच फोटोवर. रंगीत फोटो आले तसा स्टुडिओ बंद पडला. फोटोवाला पुतण्याकडे राहायला गेला आणि तिकडेच वारला. राजपुत्र अखेरपर्यंत परतलाच नाही, कारण मासिक त्याआधी बुडालं. ते अंक रद्दीत गेले, पडदा कुठे गेला ठाऊक नाही.

कुसुमने त्या फोटोची एक प्रत मला दिली होती. भिंत कोरी आहे, मुलगी बुटकी आहे, पाय जमिनीवर आहेत. तो माझ्या कपाटात आहे आणि अजून स्वच्छ दिसतो.