चौकटीचा चौथा कोपरा

चार बिंदू एका प्रतलात आहेत की नाहीत, या प्रश्नाला सबंध विश्वात एकच उत्तर असते. वय, नाते, अनुभव यांचा त्या उत्तराशी काही संबंध नसतो. बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला धुळ्यात हे शिकलो आणि सुटीत नरडाण्याजवळच्या आमच्या गावी घेऊन आलो.

घर नवे बांधत होतो. दुसऱ्या दिवशी सकाळी चौकट उभी करण्याचा मुहूर्त होता. नारळ, हळदकुंकू, आंब्याची पाने सगळे आणून ठेवलेले. सागवानी चौकट अंगणात दोन ठोकळ्यांवर आडवी ठेवली होती. आमच्या गावातल्या निम्म्या घरांची दारे ज्यांनी बसवली ते सुतारनाना तिच्या समोरासमोरच्या कोपऱ्यांना दोऱ्या ताणून, एक डोळा मिटून पाहत होते.

"दोन्ही दोऱ्या मधमां टेकन्यात," ते म्हणाले. "चौकट सरळ शे."

मी टेप आणि वही घेऊन आलो. प्रत्येक कोपऱ्याची जमिनीपासूनची उंची मोजली, एका कोपऱ्यातून उरलेल्या तिघांकडे वेक्टर काढले आणि तिघांचा गुणाकार केला. चौकट सपाट असती तर तो शून्य यायला हवा होता. आला नाही. चौथा कोपरा अर्धा इंच वर होता. हे मी आबांना, म्हणजे वडिलांना, चार लोकांत आणि जरा मोठ्याने सांगितले.

"नाना," काका हसत म्हणाले, "पोऱ्या धुळाले शिकस. दोरीवर भागत नही त्यानं."

नानांनी पुन्हा दोऱ्या ताणल्या. पुन्हा टेकल्या. ते आबांकडे पाहत राहिले. आबांनी माझ्या वहीकडे पाहिले. त्यातले त्यांना काही कळत नव्हते, म्हणूनच बहुधा त्यांचा तिच्यावर विश्वास बसला.

"भाऊ, कोनता कोपरा?" नानांनी विचारले.

मी दाखवला. त्यांनी तो सांधा ढिला केला, पाचर ठोकली आणि कोपरा अर्धा इंच खाली घेतला. नंतर दोऱ्या गुंडाळून पिशवीत ठेवल्या.

सकाळी आईने अंगणात सडा टाकला. पाणी सगळीकडे जिरले. फक्त जिथे काल चौथा कोपरा होता, तिथे बशीएवढे डबके साचले. तिथे म्हैस बांधत, आणि तिच्या खुरांनी खळगा पडला होता. वरून शेण सारवल्यामुळे तो दिसत नसे. चौकट सपाट आहे का हे मी अशा जमिनीवरून मोजले होते, जी सपाट आहे का हे मी मोजलेच नव्हते.

चौकट अजून उभी व्हायची होती. पाचर काढायला नानांना पाच मिनिटे लागली असती. मी डबक्यावर पाय ठेवून उभा राहिलो. नारळ फुटला, सगळ्यांनी खोबरे खाल्ले, मीही खाल्ले.

दार बसवले ते वरच्या कोपऱ्यात टेकेना. "नानांचा हात गेला आता," लोक म्हणू लागले. पुढच्या वर्षी काकांनी आपल्या घराला शिंदखेड्याचा सुतार आणला. नाना मला रस्त्यात भेटत, "भाऊ, अभ्यास कसा शे?" विचारत. मी "बरा शे" म्हणे. नाना वारले तोवर माझे उत्तर तेच होते.

दाराची फट अजून आहे. अर्धा इंच. मी त्याच टेपने मोजली.