माझ्या नावाची बोलणी

मी गाव सोडलं त्या दिवशी धुळ्याच्या स्टँडवर माझ्या आईने मला पन्नास माणसांसमोर झापलं. पंच्याऐंशी साल असेल. पुण्याची गाडी लागली होती आणि कुणाची तरी पत्र्याची पेटी बरोबर दाराच्या तोंडाशी आडवी पडलेली. आईने पेटीकडे पाहिलं आणि माझ्यावर ओरडली, "आशे, काही अक्कल शे का तुले? पेटी वाटमां ठेवस का कोनी?" पेटी माझी नव्हतीच. माझ्या हातात कापडी पिशवी आणि खांद्यावर वळकटी. मागे उभ्या असलेल्या एका धोतरवाल्या आबांनी गुपचूप पेटी उचलून बाजूला घेतली. मी इतकी चिडले, की मुद्दाम पलीकडच्या बाजूच्या खिडकीत जाऊन बसले. गाडी सुटली तरी तिच्याकडे वळून पाहिलं नाही. वीस वर्षांची घोडी होते मी, लहान नव्हते.

हे तिचं नेहमीचंच होतं. दिवाळीनंतर कापूस फुटला की आमच्या गावच्या दहा-बारा बायका वेचणीला जायच्या, आणि त्या टोळीची पुढारीण आई. शेतमालक नानांनी तिलाच नेमलं होतं, कारण तिचा कापूस स्वच्छ असायचा, वाळका पाला नाही, काडी नाही. पण टोळीत तिच्या दोन मोठ्या जावा होत्या, वयाने वडील बायका होत्या. त्यांना "नीट वेचा" म्हणायची काय बिशाद? मग ती मला धरायची. मोठ्या काकूंच्या झोळीत पाला दिसला की, "आशे, ध्यान कोठे शे तुन्हं? कापूसमां बठ्ठा पाला यी ऱ्हायना!" माझी झोळी दुधासारखी पांढरी असायची हो. काकू मान खाली घालून पाला काढायच्या, आणि मी रडकुंडीला यायचे. शाळेच्या सुट्ट्या अशा दुसऱ्यांची बोलणी खाण्यात गेल्या.

पुण्यात होस्टेलच्या मेसमध्ये पहिल्याच आठवड्यात माझ्या तोंडून "भाजी संपेल शे" असं निघून गेलं. सगळं टेबल हसलं. एक मुलगी महिनाभर मला "काय शे?" म्हणून हाक मारायची. मी आरशासमोर उभी राहून बोलणं घासलं. दोन वर्षांत असं चकचकीत केलं, की लोक विचारायचे, "तुम्ही सदाशिव पेठेतल्या का?" आणि मी नुसतं हसायचे. नाही म्हणायचे नाही. तुमच्यातले जे गाव सोडून गेलेत त्यांना हे हसणं माहीत असेल.

पुढे भाषाविज्ञानात एम.ए. केलं आणि संशोधनाला विषय घेतला, कामाच्या ठिकाणी बायका कशा बोलतात. ऑफिसांमध्ये बसून टिपणं काढली. साहेब म्हणतो "फाईल आणा", आणि त्याच हुद्द्यावरची बाई म्हणते "फाईल मिळेल का जरा?" मजा वाटायची मला. मग माझे मार्गदर्शक म्हणाले, "शेतमजूर बायका घ्या की. खानदेश तुमचाच आहे." मी टेपरेकॉर्डर घेऊन घरी गेले, आठ दिवस टोळीबरोबर कापूस वेचला, आणि कमरेला मशीन बांधून सगळ्यांची परवानगी घेऊन बोलणं टिपलं. आईने त्या आठ दिवसांत मला पूर्वीसारखंच मनसोक्त झापलं. तिला वाटलं, पोरगी परत आली.

प्रबंधात मी काय लिहिलं ते सांगते. लिहिलं, की टोळीप्रमुख स्त्रीला स्वतःचा अधिकार वापरता येत नाही, म्हणून ती तो राग टोळीतल्या सर्वांत दुबळ्या मजुरावर काढते. "टोळीप्रमुख, वय सुमारे पन्नास, निरक्षर." "दुबळी मजूर, अविवाहित." ती प्रमुख माझी आई आणि ती दुबळी म्हणजे मी, हे कुठेही लिहिलं नाही. ज्यांचं बोलणं टिपलं त्यांची नावं विद्यापीठाला लागत नाहीत, तेव्हा पकडलं जायची भीती नव्हती. मला पदवी मिळाली, नोकरी मिळाली.

मग काही वर्षांनी जळगावच्या एका कॉलेजात चर्चासत्र झालं आणि मला व्याख्यानाला बोलावलं. घरी कळवलं नव्हतं. पण आमच्या गावच्या मास्तरांनी पेपरातलं माझं नाव आईला वाचून दाखवलं, आणि बाई एकटी सकाळच्या एस.टी.ने निघून आली. हिरवं ठेवणीतलं लुगडं नेसून शेवटच्या रांगेत खुर्चीच्या कडेवर बसली होती. मी तिला पाहिलं. कॅसेट लावायच्या आधी पाहिलं, हे मी मुद्दाम सांगते. थांबता आलं असतं. मी बटण दाबलं.

हॉलमध्ये तिचा आवाज घुमला, "आशे, ध्यान कोठे शे तुन्हं?" लोक खो खो हसले. आणि मीही हसले. माइकसमोर उभी राहून, तिच्या डोळ्यांदेखत. शेवटी कुणीतरी विचारलं, "या बाई तुमच्या ओळखीच्या होत्या का?" मी म्हटलं, "नाही, तिथली एक मजूर स्त्री." हे वाक्य लिहिताना आजही माझे कान तापतात.

चहाच्या वेळी ती माझ्याकडे यायला निघाली. माझ्याभोवती पाच-सहा प्राध्यापक. मी जागची हलले नाही. तिने माझं तोंड पाहिलं आणि तिला सगळं समजलं. ती दोन हातांवर थांबली, हात जोडले आणि जमेल तशा शहरी मराठीत म्हणाली, "चांगलं बोलल्या म्याडम." एका सरांनी विचारलं, "बाई, तुम्ही कोण? इथे कशा?" त्यावर ती मोठ्याने स्वतःलाच बोलली, "बजारले जावानं व्हतं, वाट चुकनी. काय अक्कल शे मन्ही! म्हतारी व्हयनी तरी ध्यान नही!" सर हसले. ती दाराकडे गेली.

चूक माझी होती आणि बोलणी तिने स्वतःला घातली. तेव्हा कुठे मला कळलं, की दुसऱ्याची लाज राखायची असली की ती बाई कुणावर ओरडते. जी आपली आहे, जी सोसेल आणि उलटणार नाही, तिच्यावर. माझा अख्खा प्रबंध खोटा होता. आणि एवढं कळूनही मी तिच्यामागे धावले नाही. शाल घेतली, नारळ घेतला, फोटोला उभी राहिले. थू माझ्या शिक्षणावर!

दोन महिन्यांनी, वेचणीच्या दिवसांत घरी गेले. सरळ शेतात जाऊन म्हटलं, "माय, मन्हं चुकनं. माले माफ कर." ती म्हणाली, "जाऊ दे. चहा लेस का?" एवढंच. मी झोळी बांधली आणि तिच्या शेजारची ओळ धरली. माझे हात आता शहरी झालेले, थोड्याच वेळात माझ्या कापसात पालाच पाला. मुद्दाम नाही, पण खरं सांगते, मी तो काढलाही नाही. वाट पाहत राहिले. आईने माझ्या झोळीत वाकून पाहिलं. मी मान खाली घातली.

ती दोन ओळी ओलांडून माझ्या भावजयीकडे गेली आणि तिच्यावर कडाडली, "निर्मे, पाला दिखस नही का तुले?" निर्मलाची झोळी पांढरीशुभ्र होती. तिने माझ्याकडे पाहिलं आणि गाल फुगवून गप्प वेचू लागली.

मग आई माझ्याकडे वळली. आवाज अगदी मऊ. "ऊन लागी तुले. तू पाहुनी शे, सावलीमां बठ."

पुण्यात माझा फ्लॅट आहे, दारावर माझ्या नावाची पाटी आहे. लोक विचारतात, घर कुठलं तुमचं? मी आता धुळ्याकडचं सांगते, लपवत नाही. पण दर दिवाळीनंतर जाते, झोळी बांधते, पाल्यासकट कापूस भरते आणि कान देऊन उभी राहते. बोलणी अजून निर्मलाच खाते.