झाडाकडे तोंड केलेली देवी

नोकरीत ढिगानं गुन्हे पाहिले, त्यातले बरेच विसरलोही. पण मुरबाड-शहापूर रस्त्यावरच्या एका गावात क्लास जळाला, ते प्रकरण विसरू म्हटलं तरी विसरता येत नाही. नाव कोणाचंच सांगणार नाही. त्यातली बरीचशी माणसं अजून तिथेच नांदतात आणि एकमेकांच्या लग्नात जेवतातही.

दोन हजार सालानंतरची गोष्ट. त्या भागात मी पोलीस निरीक्षक होतो. बांधावरची भांडणं, हायवेचे अपघात, जत्रेचा बंदोबस्त हे नेहमीचं काम. त्यात एका नव्या कामाची भर पडली होती. घरोघरी केबल आली, पोरी बस पकडून कल्याणच्या कॉलेजात जाऊ लागल्या आणि त्यांच्या मागोमाग ‘धर्म बुडाला’ म्हणून ओरडणारी मंडळं निघाली. आज अर्ज, उद्या निवेदन, परवा मोर्चा. माझे ठाणे अंमलदार तर ‘साहेब, धर्मवाले आले’ असंच सांगायचे.

त्या गावात एका बाईंनी इंग्रजीचा आणि कॉम्प्युटरचा क्लास काढला होता. बाई मूळच्या गावच्याच, मुंबईत कंपनीत नोकरी करून परतलेल्या. केस कापलेले, अंगात शर्ट-पँट आणि देवाधर्माशी काडीचं घेणंदेणं नाही. क्लासच्या दोन खोल्या. बाहेर बाकडी, आत दोन कॉम्प्युटर. मुलं-मुली एकत्र बसायची. शनिवारी बाई त्यांना एक विषय द्यायच्या आणि भांडायला लावायच्या. मुलीनं लग्न स्वतःच्या पसंतीनं करावं का? पाळीत देवळात का जायचं नाही? देव आहे हे कशावरून?

मी स्वतः देवभोळा माणूस. पूजा झाल्याशिवाय अंगात वर्दी चढवत नसे. खरं सांगतो, तो शेवटचा विषय कानावर आला तेव्हा मलाही चमकल्यासारखं झालं. पण मला काय वाटतं ते माझ्या घरी. वर्दीत असताना गुन्हा झाला की नाही एवढंच बघायचं, आणि वाद घालणं हा गुन्हा नाही.

मंडळाचा प्रमुख गावातला किराणा दुकानदार. सगळे त्याला दादा म्हणत. तो क्लासवर जाऊन बाईंना दम देऊन आला होता, ‘ही इंग्रजांची थेरं आमच्या गावात चालायची नाहीत.’ बाईंनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाल्या, ‘मग दादा, ही पँट सोडा आणि धोतर नेसून या, तेव्हा बोलू.’ पोरी फिदीफिदी हसल्या. चारचौघांत झालेलं ते हसं दादाला फार झोंबलं.

उन्हाळ्यात एका घरी हळद होती. सगळं गाव मांडवात जेवत असताना भर दुपारी क्लास पेटला. आतल्या खोलीत बारावीची एक मुलगी एकटीच कॉम्प्युटरवर सराव करत होती. बाहेरची खोली धडाडून पेटली तशी ती मागच्या खिडकीतून उडी मारून निसटली. जीव वाचला, पण उजवा हात खांद्यापर्यंत भाजला.

मी पोचलो तेव्हा आग विझली होती आणि दुसरीच पेटली होती. दादा लोकांना ओरडून सांगत होता की बाईंनी बाहेरच्या खोलीतला सरस्वतीचा फोटो भिंतीवरून उतरवला, जमिनीवर ठेवून रॉकेल टाकून जाळला, आग पसरल्यावर पोरीला आत टाकून पळाल्या. आता हे वाचताना हसू येईल. पण जमाव विचार करत नाही, ‘देवी जाळली’ एवढंच ऐकतो. बघता बघता आसपासच्या गावांतली माणसं जमली. भाजलेल्या मुलीचा बापच पुढे होता. शेतकरी माणूस, मंडळाच्या प्रत्येक कार्यक्रमाला राबणारा. ‘त्या बयेला आमच्या ताब्यात द्या,’ एवढंच तो म्हणत होता.

बाई संध्याकाळी बसमधून उतरल्या तसं मी त्यांना जीपमध्ये घातलं आणि ठाण्यात आणून महिला शिपायांच्या खोलीत बसवलं.

‘मला अटक केलीत का?’ बाईंनी विचारलं.

‘नाही. बसवलंय. बाहेर गेलात तर लोक मारतील.’

‘मग त्या लोकांना बसवा की आत!’

मुद्दा बरोबर होता, पण तेवढी माणसं मावतील अशी कोठडी माझ्याकडे नव्हती. बाई म्हणाल्या, मी कल्याणला प्रिंटर दुरुस्तीला गेले होते. दुकान बंद होतं, तशीच परत आले. म्हणजे साक्षीला कोणी नाही. फोटोबद्दल विचारलं तर म्हणाल्या, ‘मी देव मानत नाही. फोटो मुलींनी आणला. मी म्हटलं, लावा, तुमचीही खोली आहे. परीक्षेला जाताना एकेक जण कपाळाची टिकली काढून त्याच्या काचेला चिकटवते. मी कशाला जाळू तो?’

रुग्णालयात मुलीचा जबाब घेतला. दार लोटून ती आत बसली होती. बाहेर स्टूल ओढल्याचा आवाज आला. ‘मला वाटला मॅडम आल्या. मंग बऱ्याच वेळानं रॉकेलचा वास आला,’ एवढंच तिला सांगता आलं. तिनं पाहिलं कोणालाच नव्हतं. तिचा हा जबाब बाईंच्या विरुद्धही वापरता आला असता. धार्मिक भावना दुखावल्याचं कलम, त्यात मुलगी भाजलेली. दादानं लेखी फिर्याद आणली होती, वरून सारखे फोन येत होते, ‘बाईंना अटक दाखवा आणि वातावरण शांत करा.’ अटक दाखवली असती तर बाई सुटल्या असत्या तरी गावात परत येऊ शकल्या नसत्या, आणि क्लास कायमचा गेला असता.

पण पंचनाम्यात मला एक गोष्ट खटकली होती. लाकूड जळतं, कागद जळतो, काच जळत नाही. ती तडकते, काळी पडते, पण जागेवर सापडते. खिडकीची काच राखेत मिळाली. फोटोची मिळाली नाही. मी राख चाळून घेतली तरी नाही.

मग मी माझ्या पद्धतीनं गेलो. जबाब आधी बांधून घ्यायचा, हातातला पत्ता मग दाखवायचा. फोटो जळताना पाहिला असं म्हणणारे दोघे होते. एक दादा आणि दुसरा मंडळाची पूजाअर्चा करणारा माणूस, तिशीतला, दादाच्याच दुकानात माल उतरवणारा. दोघांचे जबाब त्याच संध्याकाळी तपशिलात घेतले. दादा म्हणाला, काच फटकन् फुटली ते रस्त्यावरून ऐकलं. दुसरा मान खाली घालून म्हणाला, ‘दादा बोलला तसाच झाला.’ मी दोघांच्या सह्या घेतल्या आणि चहा पाजून घरी पाठवलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावचा पोलीस पाटील आला. बाहेर गेटवर माणसं जमायला लागली होती, म्हणून तो मागच्या बाजूनं आत शिरला.

‘साहेब, नदीवर उंबराखाली देवीचा फोटो हाय.’

‘असतीलच की. जुने फोटो लोक तिथेच नेऊन ठेवतात.’

‘ते फुटके ठेवतात हो, नाय तर वाळवीनं खाल्लेले. यो धडधाकट हाय. काच पुसलेली, हळदकुंकू वाहिलेला, म्होरं नारळ. आनि साहेब, देवीचा तोंड झाडाकडं केलाय. असा कोन ठेवतो?’

मी खुर्चीवरून उठलोच. दोन पंच घेतले आणि नदीवर गेलो. पाटील म्हणाला तसंच होतं. काचेच्या खालच्या कडेला टिकल्यांची रांग होती, लाल, हिरव्या, चमकीच्या. ठाण्यात आणल्यावर बाईंनी तो एका नजरेत ओळखला. जाळणाऱ्यानं खोली जाळली होती, देवी नाही. तिला त्यानं आधी सुखरूप नदीवर पोचवलं होतं. नास्तिक बाई असं कशाला करेल? हे काम देवाला भिणाऱ्या माणसाचं होतं.

फोटो माझ्या टेबलावर स्वच्छ टॉवेल टाकून ठेवला आणि दोघांना बोलावलं. दादा बुटांसकट तरातरा आत आला, फोटोकडे बघितलं आणि उसळला, ‘हा तो नाहीच! असले फोटो बाजारात पैशाला पासरी मिळतात!’ दुसरा दारातच थबकला. त्यानं चपला बाहेर काढल्या. ठाण्यात आरोपी चपला काढून आलेला मी तोवर पाहिला नव्हता. खुर्ची दिली तर बसेना. देवी टेबलावर, तिच्या बरोबरीनं कसं बसायचं, म्हणून खाली फरशीवर बसला. धर्माच्या नावानं ओरडणारा कोण आणि खरोखर देव मानणारा कोण, ते मला तिथे लख्ख दिसलं. दादाला बाहेर काढलं आणि दार लोटून घेतलं.

चोराला ‘चोरी केलीस का’ असं मी कधी विचारत नसे. तिथे तो तयारीत असतो. मी विचारलं, ‘काय रे, देवीचं तोंड झाडाकडे का केलंस?’

त्यानं फोटोकडे बघून हात जोडले.

‘तिला दिसू नये म्हनून, साहेब.’

मग सगळं भडाभडा बाहेर आलं. दादा म्हणाला होता, जागाच राहिली नाय तर पोरी आपोआप घरी बसतील, आणि दोष त्या बाईवर ढकलता येईल. रॉकेल दादाच्या गोदामातलं. हा तयार झाला, पण आत गेल्यावर समोर देवी दिसली.

‘तिला कसा जाळू, साहेब? नरकातसुद्दा जागा मिळाली नसती. स्टूल घेतला, हार काढला, फोटो उतरवला. धूळ व्हती ती पुसली. नदीवर उंबराखाली नेऊन ठेवली, हात जोडले, माफी मागितली. मंग परत येऊन रॉकेल टाकला.’

‘आणि आतल्या खोलीचं दार?’

‘लोटलेला व्हता.’

‘उघडून बघितलंस?’

त्यानं मान हलवली.

‘नाय.’

माझं डोकं सणकलं. आयुष्यात आरोपीवर हात उचलायची इच्छा मला फार थोड्या वेळा झाली, त्यातली ही एक. उचलला नाही. त्यानं सांगितलेलं पंचांसमोर लिहून घेतलं आणि त्यावरून गोदामामागचा रॉकेलचा कॅन जप्त केला. दादाला अटक केली तेव्हा तो ‘मी धर्मासाठी लढतोय’ म्हणत होता. म्हटलं, ‘लढ की. पण पेटवायला दुसऱ्याला का पाठवलंस? स्वतः का गेला नाहीस?’

गेटवर माणसं वाढतच होती. माझ्या हाताखालचे म्हणाले, साहेब, लाठी चालवावी लागेल. मी मुलीच्या बापाला एकट्याला आत बोलावलं. पाणी दिलं, समोर बसवलं आणि घडलं तसं, एक शब्द न वाढवता सांगितलं. फोटो दाखवला. त्यानं टिकल्यांवरून बोट फिरवलं. त्यातली एक त्याच्याही पोरीची असणार. मग उठला, सरळ गेटवर गेला आणि जमलेल्या माणसांना म्हणाला,

‘घरी जा रे सगले. आपल्या मानसानंच आग लावली. देवीला बाहेर काढली आनि माजी पोर आत ठेवली.’

कोणी घोषणा दिली नाही, कोणी दगड उचलला नाही. अर्ध्या तासात गेट मोकळं झालं. लाठीनं झालं नसतं ते त्या बापाच्या तीन वाक्यांनी झालं.

पुढचं थोडक्यात. तडजोडीसाठी जाणती माणसं आली, ‘पोरीचं लग्न व्हायचंय, कोर्टकचेरी नको.’ बाप म्हणाला, तिला विचारा. मुलीनं नाही म्हटलं आणि कोर्टात उभी राहिली. दोघांनाही शिक्षा झाली. बौद्धवाडीतल्या लोकांनी आपलं समाजमंदिर क्लासला उघडून दिलं आणि पावसाळ्याच्या आत बाईंचे शनिवारचे वाद पुन्हा सुरू झाले. मी एकदा जाऊन बसलोही. बाईंचं आणि माझं देवाबाबत तेव्हाही जमलं नाही, अजूनही जमत नाही.

या प्रकरणानं मला काय शिकवलं? माझी श्रद्धा काही कमी झाली नाही, उगाच कशाला खोटं सांगू. पण त्यानंतर कुठल्याही ठाण्यात धर्माच्या नावानं माणसं चालून आली की मी आधी एकच चौकशी करत असे, यात कोणा माणसाला इजा झाली आहे का? भावनांचा अर्ज टेबलावर घेत असे, कायदा आहे. पण माणूस आधी. कट्टर माणूस वाईटच असतो असं नाही, हेही मी तिथेच पाहिलं. तो मनापासून भक्ती करतो, मनापासून पाप टाळतो, आणि शेजारच्या खोलीचं दार उघडून बघायचं त्याच्या मनातही येत नाही. म्हणूनच तो मला दादापेक्षा जास्त धोक्याचा वाटला.

मी निवृत्त झाल्यावर एकदा तो पूजाअर्चा करणारा माझ्या घरी आला. शिक्षा भोगून झाली होती, केस पांढरे झाले होते. चपला बाहेर काढून, हात जोडून उभा राहिला.

‘साहेब, माफी मागायला आलोय.’

‘माझी कशाला? मी काय भाजलो होतो का?’

मी विचारलं, ‘त्या मुलीला भेटलास?’

‘नाय साहेब. हिंमत झाली नाय. देवीची रोज मागतो.’

मला असा राग आला! म्हटलं, ‘देवीला तू काहीच केलं नव्हतंस. ज्या पोरीला जाळलंस तिचं घर तुला ठाऊक आहे ना? मग माझ्या दारात काय करतोस? चल, नीघ इथून. तिच्याकडे जा.’

तो गेला. तिनं त्याला माफ केलं की दारातूनच हाकललं, ते मी विचारलं नाही. ते ठरवायचा हक्क तिचा होता.