दामूकाका आणि अर्धं नारिंग

जानेवारीत, बर्मिंगहॅममध्ये, सकाळी साडेनऊला कोणाचाही अंत्यविधी ठेवू नये.

सहाला उठा, गाडीच्या काचेवरचा बर्फ खरवडा, काळ्या कोटावरचे मांजराचे केस वेचा. दुःख करायला वेळच उरत नाही.

आजचा अंत्यविधी दामूकाकांचा. दामूकाका म्हणजे भूल देणारे डॉक्टर. लोकांना ऑपरेशन थिएटरबाहेरही झोपवायचे.

विषय एकच. जगातला कुठलाही शब्द घ्या, तो मुळात आपला.

शहात्तर साली लग्न होऊन मी इथे आले, तेव्हा हॉस्पिटलच्या क्वार्टर्समध्ये त्यांचं दार आमच्या समोर.

त्यांच्या बायकोला, मालूकाकूंना, इंग्लिश येत नव्हतं. वरच्या मजल्यावरच्या पिलारला जेमतेम. पिलार स्पेनची, हॉस्पिटलच्या लाँड्रीत कामाला.
एक मराठीत बोलायची, दुसरी स्पॅनिशमध्ये, आणि दोघी तासन् तास हसायच्या.

दर जानेवारीत मार्केटमध्ये स्पेनची कडू संत्री येतात. म्हणजे आपली नारिंगं. दोघी मिळून त्यांचं मार्मलेड करायच्या. काकू त्यात वेलची घालायच्या. पिलार छातीवर क्रॉस करायची आणि मग चमचा चाटायची.

सत्त्याहत्तरच्या जानेवारीत पिशवीभर नारिंगं टेबलावर होती. पिलार सुरी उचलून म्हणाली, "नारांखा!"

झालं. काकांचं डोकं पेपरातून वर आलं.

"आमचा शब्द आहे तो. संस्कृत नारंग. इराणात गेला, तिथून अरबांकडे, अरबांनी तुम्हाला दिला."

"नो, डॉक्टर. माझ्या आजीच्या झाडाचा."

"आजीच्या झाडाला नाव कोणी दिलं? आम्ही!"

पिलारने सुरी खाली ठेवली. "तुम्ही वाइफला काय म्हणता?"

काका पुन्हा पेपरात शिरले. ते काकूंना 'अगं' म्हणायचे. फार प्रेम आलं तर 'अगं ए'.

"आम्ही म्हणतो मेदिया नारांखा. अर्धं नारिंग. दुसरं अर्धं आपण. शब्द तुमचा ना? मग हे का नाही तुमच्याकडे?"

काकांनी माझ्याकडे पाहिलं. "शैला, तू संस्कृत घेऊन बी.ए. ना? सांग हिला, नारंग कुणाचा ते!"

मला माहीत होतं. अगदी लख्ख.

पण त्याच सकाळी त्यांनी माझ्या पोह्यांना नावं ठेवली होती.

"नाही बाई," मी म्हणाले, "असं काही आठवत नाही."

पिलार हसली. काका लालबुंद झाले आणि बोलून गेले, "लाँड्रीतल्या बाईला काय कळतंय भाषेतलं!"

इंग्लिशमध्ये बोलले. एवढं इंग्लिश पिलारला येत होतं.

ती ॲप्रन सोडून गेली. चार दिवस आली नाही. नारिंगं मऊ पडायला लागली.

काकू भांडल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "अहो, या गावात माझं एकच माणूस होतं."

"आणि मी?"

"तुम्ही ड्युटीवर असता."

पाचव्या दिवशी काका सूट-टाय घालून लाँड्रीत गेले. काकूंना आणि मला घेऊन.
वाफ, चादरींचे ढीग, डझनभर बायका.

चारचौघांत बायकोचं नावही न घेणारा तो माणूस, काकूंकडे बोट करून, पेशंटची ओळख पटवावी तसा म्हणाला:

"माय मेदिया नारांखा. आय ॲम सॉरी, पिलार."

बायकांनी चादरी टाकून टाळ्या वाजवल्या.

काकू माझ्या कानाशी लागल्या. "हे कुठलं औषध गं?"

मी अर्थ सांगितला.

"इश्श! सगळ्यांसमोर?"

त्या संध्याकाळी मार्मलेड झालं. वेलची जरा जास्तच पडली.

पुढे चाळीसेक वर्षं काका शब्दांवर हक्क सांगत राहिले. साखर आपली, जंगल आपलं, शाम्पूसुद्धा आपला.

नारंग मात्र पुन्हा कधी काढला नाही. त्यांना वाटलं, आपलीच चूक असणार. बी.ए. झालेली मुलगी नाही म्हणाली होती ना.

आज सगळे बाहेर गेल्यावर मी शवपेटीशी वाकले.

"काका, नारंगच. संस्कृत. मला तेव्हाही माहीत होतं."

नमस्कार, दामूकाका. सुखाने जा.