दौलतच्या कादंबरीचं पारायण

शेलूबाजारला भाजी घेऊन गेलेला दौलतचा चुलतभाऊ परत आला आणि शाळेच्या दारातूनच म्हणाला, "मास्तर, दौलत गेला. अकोल्याले. तापानं." हातातला खडू हातातच राहिला... महिना झाला. पण दौलत आठवला की रडू येण्याआधी हसूच फुटतं, त्याला मी काय करू?

इंझोरीच्या मळ्यात वांगी-मिरच्या पिकवणाऱ्या घरातला हा गडी मोट हाकता हाकता कादंबऱ्या रचायचा, आणि त्याही अशा की वाचणाऱ्याची झोप उडावी! दुसऱ्या कादंबरीत तर त्यानं देशमुखाघरच्या विधवेचा एका माळ्याशी पाट लावून दिला. आमच्याकडे कुणब्या-माळ्यांत विधवेचा पाट लागतो, देशमुखांत नाही. त्यातून गावच्या देशमुखांच्या घरात खरोखरच तरुण विधवा लेक होती. मग काय, आग्यामोहोळ उठलं! दौलतला वाळीत टाकायचं ठरलं. पुस्तक मात्र कुणीच वाचलेलं नव्हतं. देशमुख मला म्हणाले, "मास्तर, वाचून दाखवा. गावाले कळू द्या काय घाण लिवली त्यानं."

दुपारी मारुतीच्या देवळात गाव जमलं. मास्तर वाचणार म्हणजे पोथीच, असं गुरवानं धरलं. त्यानं पुस्तक पोथीच्या लाकडी ठवणीवर ठेवलं, हळदकुंकू लावलं, देशमुखांच्या हाती फूल दिलं. त्यांनीही सवयीनं ते वाहिलं. पंधराव्या पानावर देशमुख लालबुंद होऊन उठले, "बस करा!" गुरव आडवा आला. "पूजा तुमच्या हातची हाय, देशमुख. अर्धी नाई सोडता येत. घरावर येते."

सात दिवस वाचलं मी! रोज गर्दी वाढे. नायिका घर सोडून निघाली तेव्हा खांबाआडून एक म्हातारी ओरडली, "जाय वो माय, जाय! मांगं पाहू नको!" अख्खं देऊळ खदखदलं. दौलत पायरीवर बसून ऐके आणि घरी जाताना मला सांगे, "मास्तर, तिसऱ्या प्रकरणात लोक खोकून राह्यले. लांबलं ते." मी चिडायचो, अरे, गाव तुला वाळीत टाकायला बसलंय आणि तुला प्रकरणाची पडलीय!

समाप्तीचा नारळ देशमुखांनाच फोडावा लागला. प्रसाद वाटताना दौलतपुढे त्यांचा हात थबकला... मग खोबऱ्याचा तुकडा त्याच्या तळहातावर पडला. ज्याला आपल्या हातानं प्रसाद दिला त्याला वाळीत कसं टाकणार? विषय तिथंच मिटला. देशमुख यजमान, म्हणून पुस्तक त्यांच्याच देवघरात गेलं.

गेल्या आठवड्यात ते मागायला गेलो. माझ्याजवळ दौलतची एक ओळही नव्हती. त्यांची तीच विधवा लेक पुस्तक घेऊन दाराशी आली. चार इयत्ता माझ्याचकडे शिकलेली. म्हणाली, "नेऊ नका, मास्तर. तिसऱ्यांदा वाचून राह्यली मी."

मी घाबरून देशमुखांकडे पाहिलं. ते पानाला चुना लावत होते. मान वर न करता म्हणाले, "आत अंधार हाय, बाई. ओसरीवर बसून वाच."