मांडीवरचा डबा

खरं सांगते, त्या दिवशी आमच्या गावच्या रवळनाथावरचा माझा विश्वास उडाला होता. सुनेचं तिसरं बाळही तिसऱ्या महिन्यातच गेलं. सोनोग्राफीत ठोके दिसेनात, म्हणून मुलुंडच्या दवाखान्यात पिशवी साफ करावी लागली. आधीच्या दोन्ही वेळी मी तिला तोंडाला येईल ते बोलले होते. ऑफिसला गेली म्हणून, जिने चढली म्हणून, आमच्या देवाला नीट मानत नाही म्हणून. ती बिचारी ऐकून घ्यायची आणि मला वाटायचं, बरी जिरली. आज हे लिहिताना माझीच मला लाज वाटते.

डॉक्टरीणबाई म्हणाल्या, असं पुन्हा पुन्हा का होतंय ते कळायला गर्भाचा अंश अंधेरीच्या लॅबमध्ये तपासायला हवा, तोही आजच. लॅबचा न्यायला येणारा माणूस काही आला नाही. मुलगा तिच्या उशाशी बसून होता. मग मीच उठले. म्हटलं, "द्या इकडे, मी नेते."

एवढासा प्लास्टिकचा डबा. रिक्षात तो मांडीवर घेतला, वरून पदर घातला. खड्डा आला की दोन्ही हातांनी घट्ट धरायची. रिक्षावाल्याने आरशातून बघितलं. "मावशी, देव आहे काय पदराखाली?" माझ्या तोंडून "हो" निघून गेलं. त्याने लगेच गाणी बंद केली आणि अंधेरीपर्यंत रिक्षा इतकी हळू नेली, की मागचे हॉर्न मारून मारून वैतागले. आजीच्या मांडीवरचा तेवढाच काय तो प्रवास त्या जिवाला मिळाला. मी ढसाढसा रडले. उतरले तेव्हा रिक्षावाल्याने पदराकडे बघून हात जोडले. मला तेव्हा देवच भेटला, तुम्ही हवं ते म्हणा. त्याचे उपकार फिटायचे नाहीत.

तीन आठवड्यांनी रिपोर्ट आला. मुलगा होता की मुलगी, ते कायद्याने सांगत नाहीत. गुणसूत्रांची जुळणीच चुकली होती. ते आपसूक होतं, कुणाच्या वागण्याने नाही, असं डॉक्टरीणबाईंनी समजावलं.

"म्हणजे माझं काहीच चुकलं नव्हतं?" सुनेने विचारलं. विचारलं त्यांना, पण बघत होती माझ्याकडे. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

घरी येऊन देवापुढे उभी राहिले. नातवंड मागायला तोंडच उघडेना. शेवटी गावच्या रीतीने मोठ्याने गाऱ्हाणं घातलं, "बा रवळनाथा, मूल द्यायचं की नाही ते तुझं तू बघ. माझ्या जिभेने या पोरीला जे भाजलं, ते तेवढं बरं कर. तिला सुखाची झोप लागू दे रे म्हाराजा."

गावी गाऱ्हाण्याला मागून सगळे होकार देतात. इथे दोन खोल्यांत मी एकटीच, असं मला वाटलं होतं. पण सून दारात येऊन उभी होती. ती म्हणाली, "व्हय म्हाराजा."