नर्सबाईंचं गाणं
फिनाईलचा वास आला की भामरागडकडचा, पुरानं वेढलेला तो मिशनचा दवाखाना आठवतो. आईचा मलेरियाचा ताप उतरत नव्हता. बदलीची नर्स पुरापलीकडे अडकल्यानं एकट्या नर्सबाईच सगळ्या खाटा सांभाळत होत्या. आईच्या कपाळावर ओल्या पट्ट्या ठेवताना त्या येशूचं गाणं म्हणायच्या. एका दुपारी त्यांचा आवाजच बसला. आईनं डोळे उघडून विचारलं, "काऊन थांबली माय?" "गळा बसला, बाई. लय थकली." "मंग तू बस. आयकून आयकून मलेबी येते." जन्मभर भजनंच गायलेल्या आईनं ते गाणं शब्द चुकवत, भजनाच्या ठेक्यात म्हटलं. नर्सबाईंनी खाटेच्या कडेला डोकं टेकलं आणि त्या तिथंच झोपल्या. पुढे आई बरी झाली. आता मीही नर्सबाईंइतकाच थकतो, पण तशी झोप काही लागत नाही.